मामाजींसाठी एक काटा

गाडी घेतल्यानंतरच्या तिसऱ्या रविवारी माझ्या सासऱ्यांनी तिच्यात बसायला नकार दिला. कारण विचारलं तर म्हणाले, "गुडघा." त्यांचा गुडघा चौऱ्याण्णव सालापासून दुखत होता आणि त्या दुखऱ्या गुडघ्यानिशी ते जुन्या गाडीत हजारावर रविवार बसले होते. तेव्हा हे कारण मी ग्राह्य धरलं नाही. पद्मिनीनेही धरलं नाही. पद्मिनी माझी बायको आणि त्यांची एकुलती एक मुलगी. त्यांच्या गुडघ्याचं आणि माझ्या स्वभावाचं खरंखोटं तिला आमच्याआधी कळतं.

"गुडघा नाही तो," स्वयंपाकघरात ती हळू आवाजात म्हणाली. "काटा आहे."

हे समजायला जुन्या गाडीबद्दल दोन शब्द सांगायला हवेत. ती पांढरी आठशे आम्ही २००१च्या उन्हाळ्यात घेतली. छत्तीसगड राज्य तेव्हा सहा-सात महिन्यांचं होतं आणि आपण राजधानी झालो हे रायपूरला अजून नीट कळलं नव्हतं. मंत्रालय जुन्या इस्पितळाच्या इमारतीत भरत होतं. भोपाळहून बदलून आलेले साहेब लोक बूढ़ापारा या आमच्या मोहल्ल्यात रस्ता चुकायचे आणि आमच्या ओट्यावर पाणी पिऊन परत जायचे. त्या वर्षापासून दर रविवारी संध्याकाळी साडेचारला आम्ही तिघं गाडीतून राजधानी किती पुढे सरकली ते पाहायला जात असू. आधी ती तेलीबांधाच्या तलावापर्यंत सरकली, मग त्याच्याही पलीकडे धानाच्या शेतांत रुंद रस्ते पडले, दिव्याचे खांब उभे राहिले आणि लोक राहायला यायच्या आधीच तिथे चौक तयार झाले. मामाजी प्रत्येक चौकाची पाहणी करायचे आणि "बरोबर आहे" किंवा "उगाच आहे" असा शेरा द्यायचे.

मामाजी म्हणजे माझे सासरे, यशवंतराव. आमच्या विदर्भाकडच्या रिवाजाप्रमाणे मी त्यांना मामाजी म्हणायचो आणि ते मला जावईबापू म्हणायचे, रागावले तर नुसतंच जावई. वय त्र्याऐंशी. कोळसा टाकण्यापासून सुरुवात करून मेल ड्रायव्हर म्हणून रेल्वेतून निवृत्त झालेले. रेल्वेत अशी पद्धत असते की इंजिनातली दोन माणसं समोरचा सिग्नल एकमेकांना मोठ्याने सांगतात. एकाने म्हणायचं, दुसऱ्याने तेच परत म्हणायचं, म्हणजे दोघांनी पाहिला हे नक्की होतं. ही पद्धत मामाजींनी आमच्या गाडीत जशीच्या तशी लागू केली होती. ते डाव्या सीटवर ताठ बसायचे आणि हात लांब करून म्हणायचे, "जयस्तंभ, लाल!" मी म्हणायचो, "लाल!" मोकळ्या रस्त्यावर ते मीटरच्या काट्याकडे नजर टाकून म्हणायचे, "साठ!" मी म्हणायचो, "साठ!" २००६ साली एकदा मी कसल्याशा तंद्रीत परत म्हणालो नाही, तर त्यांनी शास्त्री चौक माझ्याकडून तीनदा म्हणवून घेतला, तोही हिरवा असताना, मागच्या गाड्यांचे हॉर्न वाजत असताना.

वीस वर्षांनी आठशे गेली आणि नवी गाडी आली. नव्या गाडीत मीटरच नव्हता. जिथे मीटर असतो तिथे एक काळी काच होती आणि चावी न फिरवता नुसतं बटण दाबलं की तिच्यावर निळे आकडे उमटत. डावीकडून बघणाऱ्याला ते दिसतही नसत, नुसती चमक दिसे. पहिल्या रविवारी मामाजींनी सवयीने काट्याच्या जागी पाहिलं, थोडं थांबले आणि विचारलं, "साठ?"

"अठ्ठेचाळीस," मी म्हणालो.

ते गप्प झाले. दुसऱ्या रविवारी ते सिग्नलही बोलले नाहीत. जयस्तंभला मीच "लाल!" म्हणून पाहिलं. कोणी परत म्हणालं नाही. स्वतःशी बोलणाऱ्या माणसाला गाडीत फार एकटं वाटतं. आणि तिसऱ्या रविवारी गुडघा.

"आई गेल्यापासून बाबा आठवड्यातून एकदाच घराबाहेर पडत होते," पद्मिनी म्हणाली. "ते बी बंद झालं तं बसूनच जातीन. मंग उठत नाही माणूस, मी सांगून राहिले तुम्हाले. पुढच्या रविवारपर्यंत त्या गाडीत काटा पाह्यजे."

"अगं, काच आहे ती. तिच्यात काटा कुठून आणू?"

"शोरूमवाला म्हणे न, या गाडीत पाह्यजे तसं करता येते म्हणून? करा मंग."

वर्तमानपत्राच्या डेस्कवर मी तेहतीस वर्षं काढली. आत्तापर्यंत कोणतीही मुदत चुकवली नाही आणि कोणतंही माहितीपुस्तक अर्धवट सोडलं नाही. सोमवारी सकाळी मी गाडीची पुस्तिका उघडली. ती चारशे बारा पानांची होती. पहिली शहाऐंशी पानं गाडीत बसल्यावर काय काय करू नये याबद्दल होती. लहान मुलं, पाळीव प्राणी, उकळता चहा. पान दोनशे सोळावर अखेर "दर्शनी फलकाचे रूप" असा विषय आला, आणि त्याखाली एक वाक्य होतं, ज्याचा अर्थ असा की हे रूप तुमच्या गाडीत असू शकेल किंवा नसू शकेल. माझ्या हाताखालच्या वार्ताहराने असं वाक्य लिहिलं असतं तर मी त्याला पावसाची बातमी पुन्हा करायला पाठवलं असतं. पण चित्र मात्र होतं. चार चौकोन, चार रूपं. चौथ्या रूपाचं नाव क्लासिक, आणि त्यात गोल तबकडी आणि तिच्यावर लाल काटा होता. अगदी आठशेसारखा.

गल्लीत उभ्या गाडीत बसून मी स्टिअरिंगवरची बटणं दाबत क्लासिकपर्यंत पोचलो. तो चौकोन राखाडी होता. दाबला की "टुंग" असा आवाज यायचा, बाकी काही नाही. मी अकरा वेळा दाबला. बाराव्या टुंगला शेजारचे धर्मपाल खिडकीत येऊन उभे राहिले.

धर्मपाल भिलाईच्या कारखान्यातून निवृत्त. तिथे त्यांनी तीस वर्षं तापमानाचे आणि दाबाचे मीटर सांभाळले होते. आपल्या गल्लीतल्या कोणत्याही यंत्रावर पहिला हक्क आपला, अशी त्यांची प्रामाणिक समजूत होती आणि ती आजवर कुणी मोडली नव्हती.

"काय झालं भाऊ? मीटर का?" ते दार उघडून बसलेसुद्धा. "सरका. मीटर आपलं फील्ड आहे."

"मीटर नाही, स्क्रीन आहे."

"भट्टीचे मीटर पाह्यले मी, बाराशे डिग्रीचे. हे तं खेळणं आहे." त्यांनी दोन बटणं एकाच वेळी दाबून धरली. "कोणतं बी मशीन अडलं न भाऊ, की तेले पहिल्यासारखं करायचं. फॅक्टरीतून निघालं तसं. मंग ते ऐकते."

काच काळी झाली. मग उजळली. मग तिच्यावर सगळी अक्षरं उजवीकडून डावीकडे पळू लागली.

"हे काय आहे?" मी विचारलं.

"अरबी," धर्मपाल शांतपणे म्हणाले. "म्हणजे आतवर पोचलो आपण."

पुढचे दोन तास आम्ही अरबी वाचण्यात घालवले. कोणालाच येत नव्हती, हे दोघांनीही मान्य केलं नाही. धर्मपाल प्रत्येक ओळीवर बोट ठेवून "हे भाषेचं असन" असं म्हणायचे आणि ती एसीची निघायची. अखेर मी पुस्तिकेतल्या चित्रात भाषेची ओळ वरून कितवी आहे ते मोजलं. सहावी होती. काचेवर उलट बाजूने सहावी दाबली. आतली तिसरी दाबली. इंग्रजी आली. मी सुटकेचा श्वास टाकला, तोवर गाडीने स्वच्छ आवाजात आमचं स्वागत केलं: "वेलकम, धर्मपाल."

झालं होतं असं, की मध्ये कुठेतरी अरबीत गाडीने विचारलं होतं की माझा मालक कोण, आणि धर्मपालांनी "हो हो" म्हणत स्वतःचा फोन जोडून दिला होता. आता गाडीचे मुख्य वापरकर्ते ते होते. माझं नाव कुठेच नव्हतं. कागदोपत्री गाडी माझी आणि गाडीच्या मनातून धर्मपालांची, असा प्रकार झाला.

"असू द्या भाऊ," ते म्हणाले. "मी काय पळवून नेऊन राहिलो का?"

मंगळवारी मी भाजीला जायला गाडी सुरू केली. धर्मपाल घरात होते, त्यांचा फोन त्यांच्या टेबलावर होता आणि भिंत एकच होती. गाडीच्या सहाही स्पीकरांतून त्यांच्या पत्नीचा, सत्यभामावहिनींचा आवाज गल्लीभर घुमला. वहिनी बहिणीकडे गेल्या होत्या.

"गॅस बंद केला का? आणि आयका, त्या शेजाऱ्याच्या गाडीत बोटं घालून नका राहू. मागच्या खेपेला त्यांचं मिक्सर खराब करून ठेवलं, अजून त्यांना सांगतलं नाही आपण."

"वहिनी," मी म्हणालो, "मी बोलतोय."

"तुम्ही यांच्या फोनात कसे काय?"

"मी माझ्या गाडीत आहे."

"मंग मी कोठं आहो?" वहिनींनी विचारलं. गल्लीतल्या चार खिडक्या उघडल्या. मी गाडी बंद केली आणि भाजीला पायी गेलो. मिक्सर मात्र मी तीन वर्षं स्वतःच्या हातून बिघडला असं समजत होतो.

बुधवारी पद्मिनीने विचारलं, "काटा आला का?" मी म्हणालो, प्रगती आहे. हा शब्द मी सरकारी प्रकल्पांच्या बातम्यांत पुष्कळदा वाचला होता. त्याचा अर्थ मला त्या दिवशी कळला.

सदर बाजाराच्या तोंडाशी भैय्यालाल साहूंचं दुकान आहे. सीटकव्हर, चटया, आरशाला लटकवायच्या वस्तू. आठशेची सगळी सजावट वीस वर्षं त्यांनीच केली. त्यांना मी सगळी हकीकत सांगितली, सासऱ्यांची, काट्याची, रविवारची. ते मन लावून ऐकत होते.

"हव," अखेर ते म्हणाले. "बाबूजी ला कांटा चाही न? कांटा मिल जही. एमा का बड़े बात हे, भैया."

"पण तो स्क्रीनमध्ये..."

"स्क्रीन ला रहन दे." त्यांनी माळ्यावरून एक खोकं काढलं. त्यात भंगारातल्या गाड्यांचे जुने मीटर होते, गोल, काचेखाली पिवळसर आकडे, काटे. मी एक उचलला. खोटं कशाला सांगू, तो हातात घेऊन मी बराच वेळ उभा राहिलो. काचेवर कोणाच्या तरी घरातल्या कुंकवाचा ठिपका अजून होता. अशा किती गाड्या या शहरातून धावल्या आणि त्यांची धावण्याची नोंद त्या खोक्यात पडून होती. एकावर दोन लाख अकरा हजार किलोमीटर होते.

भैय्यालालनी तो मीटर डावीकडून दिसेल असा दुहेरी चिकटपट्टीने डॅशबोर्डवर बसवला. इतका छान बसला की कारखान्यातूनच आला आहे असं वाटावं. काटा चाळीसवर थांबलेला होता.

"याला काही जोडायचं नाही?" मी विचारलं.

"देखे भर के काम हे, भैया. बाबूजी चलाही थोड़े न!"

माणूस बुद्धिवान असला तरी निराश झाला की असल्या गोष्टींना हो म्हणतो. मी हो म्हणालो. संध्याकाळी मामाजींना म्हटलं, चला, गाडीत काहीतरी दाखवायचंय. ते काठी घेऊन आले, सीटवर बसले, मीटरकडे पाहिलं. गाडी बंद होती. काटा चाळीसवर होता. त्यांनी काचेवर बोटाने टिचकी मारली, कान जवळ नेला आणि माझ्याकडे वळले.

"मेलेला आहे हा," ते म्हणाले.

"मामाजी, म्हणजे सध्या..."

"माह्यापाशी रेल्वेची दोन इंजिनं तं बंद पडली पण मी कोणाले खोटा काटा नाही दाखवला, जावई." नुसतंच जावई. "मले खेळणं देऊन राहिले काय तुम्ही? लहानू आहो मी?"

लहानू म्हणजे त्यांचा धाकटा भाऊ. तो सात वर्षांचा असताना त्याला आजारपणात लाकडाची आगगाडी देऊन गप्प बसवलं होतं, ही गोष्ट घरात सगळ्यांना माहीत होती. मामाजी काठी टेकत आत गेले. पद्मिनी दारात उभी होती. तीही त्यांच्यामागे आत गेली. मी चिकटपट्टी सोडवायला बसलो. ती सोडवताना डॅशबोर्डचा एक बोटभर रंगही बरोबर आला.

गुरुवारी सर्व्हिस सेंटर. ते आता शहराबाहेर, तेलीबांधाच्या पुढे गेलेलं आहे. पूर्वी मेकॅनिक गाडीखालून बोलायचा, आता समोर काउंटर असतो आणि त्यावर कॉफीचं यंत्र असतं. तिथल्या सोनिया मॅडमनी माझं सगळं ऐकून घेतलं, नखांनी टॅबवर टकटक केलं आणि म्हणाल्या, "सर, क्लासिक थीम नए सॉफ्टवेअर में है. अपडेट हो जाएगा, चालीस मिनट का काम है."

मी त्यांना आशीर्वाद देणारच होतो.

"बस प्रायमरी युजर के नंबर पे ओटीपी जाएगा. धर्मपालजी आए हैं?"

"धर्मपाल शेजारी आहेत. गाडी माझी है," माझं हिंदी अशा वेळी मराठीतून येतं.

"सर, सिस्टम में तो उनकी है. उनको रिमूव्ह करना पडेगा. वो खुद आके साइन करेंगे."

शुक्रवारी मी धर्मपालांना घेऊन गेलो. ते इस्त्रीचा शर्ट घालून आले. अर्जावर वापरकर्ता काढण्याचं कारण निवडायचं होतं: विक्री, मृत्यू, घटस्फोट, इतर. धर्मपालांनी चष्मा लावून ते दोनदा वाचलं.

"भाऊ, हे काय आहे? मी कशात येतो?"

"इतर."

"इतर?" त्यांचा चेहरा पडला. "बावीस वर्षाचा शेजार आहे आपला. मिक्सर झालं तरी कोणी काही बोललं नाही."

"मिक्सरचं मला मंगळवारीच कळलं, धर्मपालभाऊ."

त्यांनी "इतर"वर खूण केली आणि पुढच्या रेघेवर सावकाश अक्षरात लिहिलं: आम्ही शेजारी आहोत. सोनिया मॅडमनी शिक्का मारला. ओटीपी आला. गाडी धर्मपालांकडून माझ्याकडे आली. परत येताना धर्मपाल खिडकीबाहेर पाहत होते. मी त्यांना चहा पाजला, तेव्हा कुठे ते म्हणाले, "जाऊ द्या. आपलं फील्ड वेगळं होतं."

आणि काटा आला. शनिवारी दुपारी त्या काळ्या काचेवर गोल तबकडी उमटली, तिच्या कडेला पांढरे आकडे, मध्ये लाल काटा. डावीकडूनही दिसावी म्हणून मी प्रकाश पूर्ण वाढवला. मी गल्लीत उभ्या गाडीत एकटाच बसून काटा पाहत राहिलो. खोटं वाटेल, पण डोळ्यांत पाणी आलं. पुस्तिका, अरबी, मिक्सर, सगळं वसूल झालं होतं.

रविवारी साडेचारला मामाजी तयार नव्हते. पद्मिनीने त्यांच्या पायात चपला घातल्या. "बाबा, माह्यासाठी चला. एक चक्कर." ते आले. काट्याकडे पाहिलं. टिचकी मारली नाही, पण बोललेही नाहीत. बूढ़ापाऱ्यातून बाहेर पडलो. जयस्तंभ लाल होता. मी वाट पाहिली. काही नाही. तेलीबांधाचा तलाव गेला. काटा डौलात चढत होता, पन्नास, पंचावन्न, आणि मामाजी त्याच्याकडे असे पाहत होते जसं माणूस कॅलेंडरवरच्या नदीकडे पाहतो. मागे पद्मिनी पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती.

नव्या रायपूरच्या रुंद रस्त्याला लागलो आणि काच लुकलुकली. काटा थरथरला. मग सगळं काळं झालं. गाडी चालत होती, पण आपण किती वेगाने जात आहोत हे सांगणारं आत काहीही उरलं नव्हतं. मी घाबरून गाडी कडेला घेतली आणि सोनिया मॅडमना फोन लावला. त्यांच्या घरी लहान मुलाचा वाढदिवस चालू असावा, मागे फुगे फुटत होते.

"सर, घबराइए मत. गाडी सेफ है. धीरे धीरे ले आइए, चालीस के नीचे."

"चालीस के नीचे है ये मुझे कैसे पता चलेगा?"

"वो तो सर स्क्रीन पे..." मागे एक फुगा फुटला.

मी फोन ठेवला. रस्ता लांबलचक, रिकामा, आणि मध्यभागी दिव्यांच्या खांबांची एक न संपणारी ओळ. परत सोळा किलोमीटर जायचं होतं आणि पुढे वेग मोजणारे कॅमेरे होते.

"मी टॅक्सी बोलावतो," मी म्हणालो.

"काहून?" मामाजींनी विचारलं. त्या संध्याकाळचा त्यांचा पहिला शब्द.

"मीटर गेला, मामाजी."

"मंग?" त्यांनी दार उघडलं, काठी काढली आणि उतरले. पद्मिनी "बाबा! बाबा!" करत मागे धावली. ते एका खांबापाशी गेले आणि पुढच्या खांबाकडे पावलं मोजत चालू लागले. मध्ये एकदाही थांबले नाहीत. परत आले ते थोडे धापा टाकत.

"चाळीस पावलं. माह्यं पाऊल पाऊण मीटरचं आहे. म्हणजे तीस मीटर." ते बसले, मनगटावरचं घड्याळ सरळ केलं आणि सेकंदाच्या काट्यावर नजर लावली. "सत्तावीस सेकंदात किती खांब जातेत ते पाहायचं. तेले चारनं गुणायचं. झाला स्पीड. चला, काढा गाडी."

"सत्तावीस कसे?"

"हिशोब तसाच येते. वाफेच्या इंजिनात कोठं होता मीटर, जावईबापू? तारेचे खांब मोजत नेली गाडी, डोंगरगडपासून आपल्या छत्तीसगडच्या रायगडपर्यंत. पाऊस, धुकं, सगळं पाह्यलं. चला."

मी गाडी काढली. ते पुढे वाकले. ओठ हलत होते. मग हात लांब करून ते म्हणाले, आणि इतक्या मोठ्याने म्हणाले की मी दचकलो, "नऊ खांब! छत्तीस!"

"छत्तीस!" मी म्हणालो.

"वाढवा थोडी. ... दहा! चाळीस! धरून ठेवा."

"चाळीस!"

मी आरशात पाहिलं तर पद्मिनी तोंडावर पदर धरून बसली होती आणि डोळे हसत होते, किंवा दुसरं काही करत होते. आरसा लहान आहे. पुढे चौक आला. "चौक! पिवळा! ... लाल!" "लाल!" तेलीबांधानंतर एकसारखे खांब संपले. मग मामाजींनी अंदाजाने वेग सांगितला, आणि त्यातही त्यांनी माझ्या उजवीकडच्या एका रिक्षाला फुकटात "तीस" सांगितलं. शास्त्री चौकात रिक्षावाल्याने डोकं बाहेर काढून, आपला वेग का सांगता असं विचारलं, "बाबूजी, मोर स्पीड ला तैं काबर बतावथस?" मामाजी म्हणाले, "सांगून ठेवतो. कामात येते." बूढ़ापाऱ्यात उतरल्यावर त्यांनी धर्मपालांना हाक मारली आणि पाऊण तास ओट्यावर उभं राहून सगळं सांगितलं. धर्मपाल म्हणाले, "बरोबर आहे काका. मीटर सगळे खोटेच असतेत. मी तीस वर्षं तेच पाह्यलं."

बुधवारी सर्व्हिस सेंटरने एक वायर बदलली आणि काटा परत आला. पुढच्या रविवारी साडेचारला मामाजी चार वाजल्यापासून गाडीत बसले होते. नव्या रस्त्यावर त्यांनी घड्याळ काढलं. मी म्हणालो, मामाजी, आता गरज नाही, काटा आहे. त्यांनी ऐकलं नाही. खांब मोजले.

"तेरा. बावन्न."

मी काट्याकडे पाहिलं. मोठी पंचाईत झाली. "मामाजी, पंचावन्न दिसतात."

"बावन्न आहे."

मी गाडी थांबवून पद्मिनीचा फोन समोर ठेवला, त्यात उपग्रहावरून वेग दिसतो. पुन्हा तीच गती धरली. मामाजी बावन्न. फोन बावन्न. गाडी पंचावन्न. सोमवारी सोनिया मॅडम म्हणाल्या, "सर, हर गाडी थोडा ज्यादा ही दिखाती है. कम नहीं दिखाना चाहिए, ऐसा नियम है."

मामाजींनी हे ऐकलं आणि मला कागद घ्यायला सांगितलं. रेल्वेत ड्रायव्हरला काही चुकीचं दिसलं की तो लेखी मेमो देतो. तोंडी तक्रार तिथे कोणी ऐकत नाही आणि लेखी कोणी टाळत नाही. त्यांनी सांगितलं, मी लिहिलं: गाडीतील मीटर बावन्नला पंचावन्न दाखवतो, नियमानुसार असेल तरी ड्रायव्हरला माहीत असावे. सही, दिनांक, वेळ. आयुष्यभर मी लोकांची वाक्यं कापली. त्या मेमोतला एकही शब्द मी कापला नाही.

मग ते म्हणाले, "तो काटा काढून टाका."

"काढून?" मी म्हणालो. "मामाजी, तुमच्यासाठी..."

"काट्यात तीनचा फरक दिसत नाही. आकडा ठेवा. तुम्ही वाचा, मी तपासतो."

मी दोन बटणं दाबली. सहा सेकंदांत निळे आकडे परत आले. इतक्या आठवड्यांत पहिल्यांदाच गाडीने कोणताही आवाज केला नाही.

त्यानंतर अडीच वर्षं, मामाजी होते तोवर, आम्ही दर रविवारी एकाच गाडीतून दोन वेगांनी नव्या राजधानीत गेलो. मी काचेवरचं पंचावन्न वाचायचो, ते खांब मोजून बावन्न म्हणायचे, आणि रिवाजाप्रमाणे जे ऐकलं ते मला परत म्हणावं लागायचं. मागून पद्मिनी विचारायची, "मंग खरं काय?"

"बावन्न," आम्ही दोघंही म्हणायचो.